भुतांचा जमाखर्च

परीक्षा आटोपली, की आजोळी जायचे हा आमच्या घरचा जुना रिवाज. आजोळ तुयेला. गोव्याच्या अगदी उत्तर टोकाला पेडणे तालुका, आणि त्यात शापोरा नदीच्या काठी हे गाव. बेळगावातल्या मैत्रिणींना 'गोव्याला चालले' म्हटले, की त्यांच्या डोळ्यांपुढे समुद्र, माड आणि बाटल्या उभ्या राहतात. मी ज्या गोव्याला जाते तिथून समुद्र दिसत नाही. माड आहेत. बाटल्याही आहेत, पण त्या आजीच्या नजरेस पडू नयेत अशा जागी ठेवलेल्या असतात.

आई आमच्याबरोबर सुटीत येत नाही. ती येते चतुर्थीला, दीड दिवसापुरती. गणपती पोचवला, की दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने परत. तेवढ्या वेळातही ती मागच्या दारी फारशी जात नाही. याचे कारण आम्ही कधी विचारले नव्हते. मोठ्या माणसांच्या सवयींना कारणे असतात हे लहानपणी सुचतच नाही, आणि मोठेपणी विचारायचे राहून जाते.

यंदा एप्रिलात पोचले तर मामाच्या मुलाने, म्हणजे आमच्या दादाने, नवा धंदा काढलेला. आधी तो मांद्र्याच्या बाजूला हॉटेलातल्या पाहुण्यांची गाडी चालवायचा. मोप्याचा विमानतळ २०२३ च्या जानेवारीत सुरू झाल्यापासून पेडण्यात माणसांची ये-जा वाढली. त्यांतली काही माणसे समुद्राला दोन दिवसांत कंटाळतात आणि 'दुसरे काय आहे?' असे विचारू लागतात. दादाने त्यांना उत्तर शोधून ठेवले होते. ओसरीवर एक रंगवलेली पाटी टेकवून ठेवली होती : 'घोस्ट वॉक अँड तावेर्न क्रॉल'. सूर्यास्ताला फेरीधक्क्यावर जमायचे, कंदील घेऊन गावातून हिंडायचे, वाटेत भुतांच्या गोष्टी ऐकायच्या आणि मध्ये मध्ये तावेर्नात टेकायचे. माणशी बाराशे रुपये.

ही कल्पना दादाची नव्हे. इंग्लंडातल्या यॉर्क शहरात अशी भुतांची फेरी १९७३ साली सुरू झाली आणि ती नदीकाठच्या एका दारूच्या गुत्त्यापाशीच सुरू होते, हे त्याने मोबाइलवर पाहिले होते. "नदी आपल्याकडे आहे, गुत्ते आहेत, भुते त्यांच्याहून जास्त आहेत. मग नाही काय?" असा त्याचा सवाल. हिशेबात चूक काढायला जागा नव्हती.

माझी गरज दोन कारणांनी होती. पहिले, मी बी. कॉम. ला आहे, तेव्हा वही मी ठेवावी. दुसरे, त्या संध्याकाळी बंगळूरची तीन मुले येणार होती आणि दादाचे हिंदी भुतांच्या बाबतीत लंगडे पडत असे. "तुका कन्नड येता न्हय?" मला येते. शाळा सगळी मराठी झाली, पण आमच्या गल्लीत कन्नड बोलल्याशिवाय चेंडूसुद्धा परत मिळत नाही. भाषांतर हे काम मी जन्मभर फुकट करीत आले आहे. इथे निदान जेवण मिळणार होते.

वही उघडली. डावीकडे जमा, उजवीकडे खर्च. खर्चाची पहिली नोंद फेरी निघण्याआधीच झाली. चार वाजता दादा एकटाच बाहेर पडला, हातात विड्यांचे बंडल आणि एक चपटी बाटली. मी पाठोपाठ गेले. वाटेच्या वळणावर एक वड आहे, त्याच्या मुळाशी दोन धोंडे. दादाने चपला काढल्या, एक विडी पेटवून धोंड्यावर ठेवली, सोरो ओतला, काहीतरी पुटपुटला आणि मागे न पाहता परतला.

"पाहुण्यांच्या समोर का नाही करीत?" मी विचारले. "त्यांना आवडले असते."

"हें दाखोवपाचें न्हय," तो म्हणाला. एवढेच.

हा देवचार. कन्नड विभागातल्या वाचकांसाठी थोडे सांगायला हवे. पेडणे, डिचोली, बारदेश आणि वर सावंतवाडीपर्यंत गावाच्या राखणदाराला देवचार म्हणतात. रात्री तो खांद्यावर कांबळे, हातात काठी घेऊन शिवेवरून फिरतो. त्याच्या वहाणा झिजतात म्हणून माणसे त्याला नव्या वाहतात. रोट, विडी आणि सोरो देतात. चुकलेल्याला तो चूड दाखवून घरी पोचवतो, आणि मान राखला नाही तर पोचलेल्याला चुकवतो. म्हापशाचा बोडगेश्वर आज एवढा मोठा देव झाला आहे, तोही असाच रात्री फिरणारा राखणदार. म्हणजे रात्रीची फेरी आणि वाटेत एक घोट, ही पद्धत यॉर्ककरांच्या फार आधीपासून इथे चालू आहे. फक्त फेरी भूत काढते आणि दारू माणसे पुरवतात.

मी वहीत लिहिले : देवचार, विड्या व सोरो, रु. १२०.

सूर्य कलला आणि कामुर्लीहून येणाऱ्या फेरीबोटीतून पाहुणे उतरले. बंगळूरची तीन मुले, आणि पुण्याचे एक नवविवाहित जोडपे. जोडप्यातली बाई पहिल्या दहा मिनिटांत तीनदा म्हणाली, की तिचा असल्या गोष्टींवर मुळीच विश्वास नाही. नवरा गप्प होता. त्याचा असावा.

पहिले तावेर्न म्हणजे एका घराची पुढची खोली. दोन बाके, एक मेज, भिंतीवर देवांच्या तसबिरी आणि एका दिवाळीचे जुने कॅलेंडर. एप्रिल म्हणजे उराकाचे दिवस. काजूची बोंडे तुडवून निघालेला रस आंबवतात आणि तांब्याच्या भाण्यात चढवतात. पहिल्या धारेचा तो उराक, तोच पुन्हा चढवला की फेणी. फेणी वर्षभर मिळते, उराक हंगाम संपला की संपला. काजूचे झाड पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात ब्राझिलाहून आणले, आणि २००९ साली काजूच्या फेणीला भौगोलिक निर्देशांक मिळाला, ही माहिती दादाने पाठ केलेली होती. ती त्याने हिंदीत म्हटली, मी कन्नडमध्ये म्हटली. मुलांनी उराकात लिंबू आणि मिरची घालून घेतली. मी नुसते लिंबूसरबत घेतले, आजीला वास लगेच येतो म्हणून.

वडापाशी आलो तेव्हा काळोख पडला होता. पेटवलेली विडी केव्हाच विझून गेली होती. दादाने कंदील खाली ठेवून देवचाराची गोष्ट सांगितली, आणि मी भाषांतर करताना अडखळले. देवचाराला कन्नडमध्ये काय म्हणू? कन्नडमध्ये भुताला 'देव्व' म्हणतात आणि देवाला 'देवरु'. ऐकायला इतके जवळचे शब्द, की घाईत बोलणाऱ्याने भुताला देव करावे. कोकणीत तर देव आणि भूत एकाच माणसात राहतात. मी 'देव्व' म्हणाले, तशी त्यांतला एक उंच मुलगा म्हणाला, "नाही, हे देव्व नव्हे. आमच्या मंगळूरकडे असते तसे भूत दिसते आहे. 'कांतार' पाहिला ना?" तो २०२२ चा चित्रपट आम्ही बेळगावात सगळ्यांनीच पाहिलेला. तुळुनाडात भूत म्हणजे गावाचा आणि जमिनीचा राखणदार. त्याची पूजा होते, त्याच्यापुढे न्याय मागतात. त्या मुलाने आपसूक हात जोडले. माझे भाषांतर वाचले.

पुढच्या वाटेत गप्पांना रंग चढला. दादाने पेडण्याच्या पुनवेची हकिकत काढली. कोजागिरीच्या रात्री पेडण्याच्या भगवतीपाशी रवळनाथ आणि भूतनाथाची तरंगे निघतात. उंच काठ्यांना रंगीत साड्या नेसवलेल्या असतात. बाधा झालेली माणसे लांबलांबून आणतात. पेडणे १७८८ पर्यंत सावंतवाडीकरांकडे होते, त्यामुळे ही दैवते आणि हे उत्सव शिवेच्या दोन्ही बाजूंना सारखेच. मी लहान असताना एकदा मामाच्या खांद्यावरून ती गर्दी पाहिली आहे. भूतनाथाची गोष्ट अशी सांगतात, की त्याला एका रात्रीत बांधलेले देऊळ हवे आहे. ते बांधून होत नाही, म्हणून दरवर्षी तो रुसून रानाकडे धाव घेतो. मग लोक त्याला 'फाल्यां बांधूं' असे सांगून समजावून परत आणतात. उद्या नक्की. पुढच्या वर्षी पुन्हा तेच.

हे कन्नडमध्ये सांगताच तिन्ही मुले हसली. "नाळे बा!" नाळे बा म्हणजे उद्या ये. कर्नाटकात एके काळी लोकांनी घरांच्या दारांवर हे दोन शब्द लिहून ठेवले होते. रात्री हाका मारीत येणारी बाई दारावर 'नाळे बा' वाचते आणि परत जाते. दुसऱ्या रात्री येते, पुन्हा वाचते. २०१८ च्या 'स्त्री' या हिंदी चित्रपटाने ही युक्ती देशभर नेली. पेडण्याच्या देवाला आणि बंगळूरच्या भुताला आपण एकाच थापेवर ताटकळत ठेवले आहे, हे त्या रात्री कंदिलाच्या उजेडात आम्हां सर्वांना फार विनोदी वाटले. पुण्याच्या बाईसुद्धा हसल्या.

अशा हसऱ्या मनःस्थितीत आम्ही विहिरीपाशी आलो.

विहीर आमचीच. घराच्या मागच्या बाजूची, पण दादाने पाहुण्यांना बाहेरच्या पाणंदीने आणले होते, त्यामुळे ती एखाद्या रानातली वाटत होती. घराचा मागचा दिवा माडांतून जेमतेम दिसत होता. दादाने आवाज खाली आणला. एकोणीस वर्षांची मुलगी. जून महिना, पहिला पाऊस. लग्न ठरून मोडलेले. तिन्हीसांजेला पितळेची कळशी घेऊन ती विहिरीवर आली. सकाळी कळशी काठावर होती, मुलगी नव्हती. तेव्हापासून पहिल्या पावसाच्या रात्री कळशी घासल्याचा आवाज येतो.

गोष्ट दादाने रचलेली आहे असे मी धरूनच चालले होते. चांगली रचली होती. आणि मला, खरे सांगायचे तर, चेव आला. भाषांतरात मी तिचे केस मोकळे सोडले. तिच्या पायांत पैंजण घातले, जे दादाच्या गोष्टीत नव्हते. पहिल्या रांगेतला मुलगा "आमेले? आमेले?" करीत होता, तसतशी मी रंगत गेले. शेवटी एकाने विहिरीत वाकून मोबाइलचा उजेड टाकला आणि विचारले, "कोणत्या घरची?" दादाने काळोखात कुठेतरी हात केला.

दुसरे तावेर्न एक वयस्क बाई चालवतात. पाहुणे तळलेल्या मासळीवर तुटून पडले होते आणि विहिरीचीच गोष्ट घोळवीत होते. बाई ग्लास ठेवायला आल्या, त्यांनी दोन वाक्ये ऐकली आणि दादाकडे न पाहता हळूच म्हणाल्या, "घरच्या मनशाचें कित्याक सांगता रे?"

दादाने ऐकले नाही असे दाखवले. मी ऐकले.

आईला एक थोरली बहीण होती हे मला ठाऊक होते. देवघरात तिचा एक फोटो आहे, दोन वेण्यांचा. 'तापात गेली' एवढेच आम्हां मुलांना सांगितलेले. त्या बाकावर बसून मी बेरीज-वजाबाकी करीत राहिले, आणि उत्तर येत होते ते मला नको होते.

परतीच्या वाटेवर मी दादाला विचारले. त्याने नाकारले नाही. "लग्नाचें मी घातले," तो म्हणाला. "तसे काही नव्हते. बाकी खरे." मग थोडे चालून म्हणाला, "गेल्या माणसाला काय लागते? मी तिला पाहिलेही नाही. शेजाऱ्यांनी डोंगरावरची जमीन दिल्लीवाल्यांना विकली. मी एक फूटही विकलेली नाही. गाडीचा हप्ता आहे. गोष्ट विकली, जमीन नाही विकली. कोणाचे वाईट केले?"

याला उत्तर मला तेव्हा सुचले नाही, आणि आताही पुरते सुचत नाही. त्याचा हप्ता खरा आहे. विकलेला डोंगर मी रोज पाहत होते. तिथे आता कुंपण आहे. वही मीच लिहिली. जमा सहा हजार. तावेर्ने दोन मिळून दोन हजार, मासळी सातशे, कंदिलाचे तेल चाळीस, देवचार एकशे वीस. शिल्लक तीन हजार एकशे चाळीस. आम्हांला वर्गात शिकवतात, की यंत्राला घसारा लागतो, इमारतीला लागतो, पण काही मालमत्ता डोळ्यांना न दिसणारी असते. भुतासारखी मालमत्ता नाही, असे मी संध्याकाळी दादाला थट्टेने म्हणालेही होते. झिजत नाही, भाडे मागत नाही.

सकाळी आजी परसात काजूचे गर काढीत बसली होती. काजूच्या टरफलांच्या चिकाने तिची बोटे काळी पडलेली. मी काही बोलायच्या आधीच तिने विचारले, "काल बांयकडेन कितें सांगतालो तो?" म्हणजे तिला आवाज गेला होता. मी सांगितले. पैंजणांचेही सांगितले.

तिने काम थांबवले नाही. मधून मधून, एकेक गर काढता काढता, ती बोलली. ताप आला होता तो माझ्या आईला. आई नऊ वर्षांची होती. तापात ती गार पाणी मागत होती, घरातले नको, विहिरीतले ताजे. थोरली कळशी घेऊन गेली. पाऊस पडून काठ निसरडा झालेला. लग्न मोडलेले नव्हते, ठरलेच नव्हते. पैंजण तिच्यापाशी नव्हते. "पांयजणां घेवपाक पयशे खंय आशिल्ले?" एवढे म्हणताना आजीने माझ्याकडे पाहिले. रागाने नव्हे. पैंजणांची किंमत मला ठाऊक नसणार, म्हणून समजावून सांगितल्यासारखे.

मग तिने विचारले, एका माणसाचे किती घेतो? मी म्हटले, बाराशे. तिने सगळा हिशेब ऐकायला मागितला. मी वही आणून ओळीने वाचली. देवचाराचे एकशे वीस ऐकून तिने मान डोलावली. ते योग्य होते. वाचून झाले.

"आनी तिच्या वांट्याक कितले?"

मी पुन्हा वही पाहिली, जणू ती नोंद कुठेतरी असणारच.

दादाला हे सांगितले तेव्हा तो गाडी धूत होता. तो बराच वेळ काचच पुसत राहिला. देवचाराला तो घाबरतो. त्याचा वाटा त्याने एकदाही चुकवलेला नाही, आणि पाहुण्यांपुढे त्याचा तमाशाही केलेला नाही. मावशीला घाबरायचे कोणालाच कारण नव्हते. हे मी त्याला बोलून दाखवले. जरा जास्तच मोठ्या आवाजात. तो म्हणाला, आजची माणसे आगाऊ पैसे देऊन बसली आहेत. "फाल्यां पळोवया."

त्या संध्याकाळी मी फेरीला गेले नाही. पाहुणे दिल्लीचे होते, माझी गरजही नव्हती. आठच्या सुमाराला आजी उठली, मागचा दिवा बंद केला आणि कळशी घेऊन बाहेर पडली. मी हाक मारली तर हाताने 'थांब' असे केले. मी दारात उभी राहिले. पाणंदीतून कंदील आला, त्यामागे पाचसहा सावल्या. विहिरीजवळ कंदील थांबला आणि उचलला गेला. काठावर पांढऱ्या केसांची एक बाई बसलेली. एक किंकाळी, मग दुसरी, मग घाबरून गेलेल्या माणसांचे ते मोठमोठे हसणे. कोणीतरी फोटो काढला असावा, उजेड लख्ख झाला. दादाचा आवाज मात्र आला नाही. थोड्या वेळाने कंदील पुढे सरकला, आला होता त्याहून बराच भरभर.

आजी आत आली. कळशी भरलेली होती. "उदक हाडूंक गेल्लें," ती म्हणाली आणि पाणी झाकून ठेवले.

दुसऱ्या दिवशी मी निघाले, त्यामुळे त्यानंतरच्या फेऱ्या कोणत्या वाटेने गेल्या हे मी पाहिलेले नाही. फोनवर दादाला विचारले, तर तो म्हणाला, पावसाळ्यात फेरी बंदच असते.

बेळगावला पोचल्यावर आईने विचारले, कशी झाली सुटी? मी फेरीची गंमत सांगू लागले. फेरीबोट, पुण्याच्या बाई, देवचार, नाळे बा. वडापर्यंत आले आणि पुढे काय सांगावे हे कळेना. आई भाजी निवडत होती. माझे थांबणे तिच्या लक्षात आले असावे, कारण तिने हातातली जुडी खाली ठेवली.

"पाणी आहे का गं अजून विहिरीला?" तिने विचारले.

"आहे," मी म्हटले. "एप्रिलातसुद्धा भरपूर आहे."